‘मी स्वतः पाहिलंय!’ – वाचकांचे प्रश्न

डोळे, कान आणि आठवण आपल्याला कशी चकवतात, या विषयावर आम्ही वाचकांकडून प्रश्न मागवले होते. आलेल्या पत्रांत निम्म्यांचा सूर ‘माझं डोकं बिघडलंय का?’ असा आहे आणि उरलेल्या निम्म्यांचा ‘माझ्या नवऱ्याचं, भावाचं किंवा सासूबाईंचं बिघडलंय का?’ असा. निवडक पत्रांना इथे उत्तरं दिली आहेत.

प्रश्न : कोजागरीला आम्ही सोसायटीच्या गच्चीवर जमतो. संध्याकाळी इमारतींमागून वर येणारा चंद्र परातीएवढा दिसतो आणि बाराच्या सुमारास, दूध वाटायच्या वेळेला, अगदी वाटीएवढा झालेला असतो. आमचे हे म्हणतात की क्षितिजाजवळची हवा भिंगाचं काम करते. खरं आहे का? (पुणे)

उत्तर : नाही. दोन्ही वेळेला चंद्राने आकाशात व्यापलेली जागा जवळपास सारखीच असते, साधारण अर्धा अंश. काटेकोर मोजलंत तर उगवता चंद्र किंचित लहानच भरतो. मध्यरात्री तो डोक्यावर येतो तेव्हाच्या तुलनेत उगवताना आपण त्याच्यापासून जवळजवळ पृथ्वीच्या त्रिज्येइतके, म्हणजे ६,४०० किलोमीटरच्या आसपास लांब असतो. एकूण अंतर सुमारे ३,८४,००० किलोमीटर असल्यामुळे हा फरक दोन टक्क्यांच्या आतच राहतो. हवा चंद्राला तांबूस करते आणि वरखाली जराशी चपटी करते. मोठं मात्र करत नाही.

घरच्या घरी खात्री करता येते. जाड कागदाला ऑफिसातल्या पंचिंग मशिनने एक भोक पाडा. हे भोक साधारण ६ मिलिमीटरचं असतं. हात पूर्ण ताणून, म्हणजे डोळ्यापासून सुमारे ६० सेंटिमीटरवर कागद धरा, एक डोळा मिटा आणि भोकातून चंद्र पाहा. कडेला थोडी फट सोडून तो त्यात मावेल. सात वाजता एकदा आणि बारा वाजता एकदा पाहा, फट तेवढीच राहील. चूक होते ती हात अर्धवट वाकवल्यामुळे. कागद जवळ आला की भोक मोठं दिसतं आणि मग ‘बघा, चंद्र लहान झाला’ असं म्हणायला आपण मोकळे! मोबाइलवर फोटो काढणार असाल तर दोन्ही वेळा झूम एकच ठेवा आणि उजेडाची पट्टी खाली ओढा. नाहीतर चंद्राच्या जागी फुगलेला पांढरा ठिपका येतो.

असं का वाटतं, याचं एकच सर्वमान्य उत्तर शास्त्रज्ञांकडे नाही. बहुतेकांचा कल असा की क्षितिजाजवळ घरं, झाडं, टॉवर अशा अंतराच्या खुणा असतात. त्यामुळे तिथला चंद्र ‘लांब’ मानला जातो, आणि लांब असूनही डोळ्यात तेवढीच जागा व्यापतो म्हटल्यावर तो मोठा असणार, असा हिशेब मेंदू परस्पर करून टाकतो. भोकातून पाहताना या खुणा झाकल्या जातात आणि चंद्र तिथल्या तिथे लहान होतो. जाता जाता, ‘सुपरमून’च्या बातम्या वाचून गच्चीवर जाणाऱ्यांसाठी : सर्वांत जवळच्या आणि सर्वांत लांबच्या पौर्णिमेच्या चंद्रांत व्यासाचा फरक १४ टक्क्यांच्या आसपास असतो. ते दोन चंद्र शेजारी शेजारी ठेवता येत नसल्यामुळे नुसत्या डोळ्याला तो कळणं कठीण. जो ‘प्रचंड’ दिसतो, तो बहुधा नुकताच उगवलेला असतो.

प्रश्न : घराबाहेर पडून रिक्षात बसले की गॅस बंद केला की नाही, ही शंका येते. अनेकदा अर्ध्या वाटेतून परत गेले आहे. गॅस प्रत्येक वेळी बंदच असतो. हल्ली निघताना तीन-चार वेळा बघून येते, तरी खात्री वाटत नाही. उलट जास्तच गोंधळ होतो. (ठाणे)

उत्तर : जास्त गोंधळ होतो हे तुमचं निरीक्षण बरोबर आहे आणि त्याचा प्रयोगही झालेला आहे. मार्सेल व्हान डेन हाउट आणि मेरेल किंट या नेदरलँड्समधल्या संशोधकांनी २००३ साली लोकांना संगणकाच्या पडद्यावरची गॅसची शेगडी लावायला, बंद करायला आणि तपासायला लावली, तीही पुन्हा पुन्हा. शेवटच्या तपासणीबद्दल विचारल्यावर लोकांची उत्तरं बरोबरच होती. पण ती तपासणी त्यांना अंधूक आठवत होती आणि स्वतःच्या आठवणीवरचा विश्वास ढासळला होता. तपासण्याने आठवण पक्की होत नाही. एकसारख्या दहा आठवणी तयार होतात आणि त्यांतली आजची कोणती, ते कळेनासं होतं.

नॉब फिरवणं हे हाताच्या सवयीचं काम. ते होत असताना लक्ष डब्यात, किल्लीत, घड्याळात असतं, त्यामुळे आठवणीत फारसं काही उतरतच नाही. त्यात भर म्हणजे रिक्षात बसल्यावर तुम्ही नॉब बंद करतानाचं चित्र मनात आणता. मनात पाहिलेलं आणि हाताने केलेलं यांतला फरक मेंदूला दर वेळी लावता येत नाही.

उपाय असा. तपासणी एकदाच करायची, पण लक्षात राहील अशी. शेगडीसमोर उभं राहायचं, प्रत्येक नॉबकडे बोट दाखवायचं आणि मोठ्याने म्हणायचं, ‘डावा बंद, उजवा बंद, रेग्युलेटर बंद, आज बुधवार.’ वाराचं नाव महत्त्वाचं, कारण उद्याच्या आठवणीपासून आजची वेगळी काढणारी खूण तीच. घरच्यांना हसू आलं तर येऊ द्या. जपानी रेल्वेतले कर्मचारी सिग्नलकडे बोट दाखवून तो मोठ्याने उच्चारतात आणि त्यामुळे चुका खूप कमी होतात, असं तिथल्या चाचण्यांत दिसलं आहे. आपल्याकडेही लोको पायलट आणि त्याचा सहायक सिग्नल एकमेकांना ओरडून सांगतात. एकदा बोललात की परत फिरायचं नाही. पहिला आठवडा अस्वस्थ जाईल.

गोळ्यांच्या बाबतीत मात्र आठवणीवर अवलंबूनच राहू नका. सात कप्प्यांचा डबा आणा आणि रविवारी भरून ठेवा. कप्पा रिकामा म्हणजे गोळी घेतली. शंका आली म्हणून दुसरी गोळी घेणं रक्तदाबाच्या किंवा मधुमेहाच्या औषधांत धोक्याचं ठरू शकतं. आणि तपासण्यांत रोज तासाच्या वर वेळ जात असेल, त्यापायी कामावर उशीर होत असेल, तर मानसोपचारतज्ज्ञांना भेटा. त्यावर चांगले उपचार आहेत.

प्रश्न : २६ जुलै २००५च्या पुरावरून आमच्या घरात दर पावसाळ्यात वाद होतो. दादा म्हणतो, तो दादरहून चालत रात्री दोनला घरी पोहोचला. आई म्हणते, दुसऱ्या दिवशी उजाडल्यावर आला. मला तर दार मीच उघडल्याचं लख्ख आठवतं, त्याच्या हातातल्या चपलासुद्धा. ताई म्हणते, तू तर त्या रात्री मामाकडे अडकली होतीस! चौघांना चार गोष्टी इतक्या पक्क्या कशा आठवतात? (घाटकोपर)

उत्तर : अशा दिवसांच्या आठवणी फोटोसारख्या कायमच्या छापल्या जातात, असा समज पूर्वी मानसशास्त्रातही होता. तो मोडला गेला तो अमेरिकेतल्या एका दुर्घटनेमुळे. २८ जानेवारी १९८६ रोजी चॅलेंजर हे अवकाशयान उड्डाणानंतर ७३ सेकंदांत फुटलं. दुसऱ्या दिवशी सकाळी अल्रिक नाइसर आणि निकोल हार्श यांनी एमरी विद्यापीठातल्या विद्यार्थ्यांकडून लिहून घेतलं : बातमी कुठे कळली, कोणाकडून, तेव्हा काय करत होतात. पावणेतीन वर्षांच्या सुमारास त्यांतल्या ४४ जणांना तेच प्रश्न पुन्हा विचारले. दोन्ही उत्तरं किती जुळतात याला सातपैकी गुण दिले. सरासरी तीनच्याही खाली आली. ११ जणांना शून्य मिळालं, सातपैकी सात फक्त तिघांना. पण ‘खात्री किती?’ या प्रश्नाला शून्यवाल्यांचीही उत्तरं ठणठणीत होती.

११ सप्टेंबर २००१च्या हल्ल्यानंतर जेनिफर तालारिको आणि डेव्हिड रुबिन यांनी याच्या पुढचा प्रश्न विचारला. त्यांनी विद्यार्थ्यांकडून हल्ल्याच्या बातमीची आठवण आणि त्याच दिवसांतली एखादी साधी आठवण, अशा दोन्ही लिहून घेतल्या. काही आठवड्यांनी आणि महिन्यांनी पाहिलं तर दोन्ही सारख्याच वेगाने बदलत गेल्या होत्या. फरक एवढाच की हल्ल्याची आठवण लोकांना तेवढीच ठसठशीत वाटत राहिली. तेव्हा ‘लख्ख आठवतं’ हा पुरावा धरू नका, तुमचाही आणि दादाचाही.

हातातल्या चपला तुमच्या डोळ्यांसमोर आहेत, हे आम्ही नाकारत नाही. पण ती गोष्ट घरात इतक्या वेळा सांगितली गेली असेल की ऐकलेल्याचं चित्र झालं आणि पाहणाऱ्याच्या जागी तुम्ही जाऊन बसलात. १९९५ साली एलिझाबेथ लॉफ्टस आणि जॅकलिन पिक्रेल यांनी २४ जणांना त्यांच्या बालपणीच्या चार गोष्टी वाचायला दिल्या. तीन घरच्यांकडून मिळवलेल्या खऱ्या, आणि चौथी, लहानपणी मॉलमध्ये हरवल्याची, बनवलेली. साधारण चौघांतल्या एकाला ती चौथीही, पूर्ण किंवा अर्धवट, ‘आठवली’. तुमच्या बाबतीत तर पूर खरा, चालत येणं खरं. बदलायला लागतो तो एक तपशील.

वाद मिटवायचा असेल तर पुढच्या गप्पांच्या आधी चौघांनी वेगवेगळ्या खोल्यांत बसून लिहा. बोलायला सुरुवात झाली की सर्वांत ठामपणे बोलणाऱ्याची आठवण सगळ्यांची होते. प्रत्येक वाक्यापुढे एक खूण करा : ‘पाहिलं’, ‘ऐकलं’ की ‘असणार’. ही तिसरी खूण प्रामाणिकपणे केलीत तर निम्मा कागद तिनेच भरेल. मग बाहेरचे पुरावे शोधा : दादाच्या कार्यालयातली हजेरी, जुनं टेलिफोन बिल, कोणाची डायरी. फिल्मच्या कॅमेऱ्याने फोटोवर छापलेल्या तारखेवर विसंबू नका. कॅमेऱ्यातली तारीख अनेकांनी कधी लावलेलीच नसायची.

सगळे मतभेद आठवणीच्या चुकीने होतात असंही नाही. त्या चोवीस तासांत सांताक्रूझला ९४४ मिलिमीटर पाऊस पडला आणि कुलाब्याला जेमतेम ७३. ‘आमच्याकडे एवढं काही नव्हतं बुवा’ असं म्हणणारा कुलाब्याचा माणूस खरंच बोलतोय.

घरातल्या वडीलधाऱ्यांकडून पानशेतचा पूर, कोयनेचा किंवा किल्लारीचा भूकंप यांच्या आठवणी टिपून ठेवणाऱ्यांनाही हेच लागू. आधी ‘त्या दिवशी काय झालं ते सांगा’ एवढंच विचारा आणि गप्प बसा. ‘तेव्हा लाइट गेले होते ना?’ असं विचारलंत की लाइट गेलेच म्हणून समजा. तारखेसाठी सण, परीक्षा, पेरणी यांचा आधार घ्या. किल्लारीचा भूकंप ३० सप्टेंबर १९९३ला पहाटे चारच्या सुमाराचा. आदल्या दिवशी गणपती विसर्जन होतं, त्यामुळे ‘विसर्जनाच्या रात्री’ आणि ‘तीस तारखेला’ असं सांगणारे दोघंही बरोबर असतात.

प्रश्न : आमच्या गल्लीत मोटारसायकलवरून आलेल्या दोघांनी एका बाईंचं मंगळसूत्र ओढलं. मी बाल्कनीतून पाहिलं. पोलिसांनी जबाब घेतला असून ओळख परेडला बोलावू म्हणाले आहेत. सोसायटीच्या ग्रुपवर कोणीतरी ‘हाच तो’ म्हणून एक फोटो टाकला आहे. अजून उघडलेला नाही. पाहून ठेवला तर ओळखायला मदत होईल ना? (नाशिक)

उत्तर : उघडू नका. या अंकातलं एकच उत्तर पाळायचं असेल तर हे पाळा.

फोटो पाहिल्यावर तो चेहरा ओळखीचा होतो. परेडमध्ये तोच माणूस समोर आला की ‘याला पाहिलंय’ असं वाटतं, आणि ते खरंही असतं. फक्त कुठे पाहिलं, बाल्कनीतून की मोबाइलवर, हे आठवण सांगत नाही. अमेरिकेत नॉर्थ कॅरोलायना राज्यात रोनाल्ड कॉटन नावाच्या तरुणाला १९८४च्या बलात्काराच्या गुन्ह्यात शिक्षा झाली, ती मुख्यतः पीडितेने ओळखल्यामुळे. तिने आधी पोलिसांनी दाखवलेल्या फोटोंतून त्याला निवडलं, मग प्रत्यक्ष रांगेतून. फोटोंत आणि रांगेत, दोन्हीकडे असलेला तो एकटाच होता. न्यायालयात तिची खात्री पूर्ण होती. १९९५ साली डीएनए चाचणीत खरा गुन्हेगार दुसराच निघाला आणि दहा वर्षांहून जास्त काळ तुरुंगात काढून कॉटन सुटला. तिथे डीएनएमुळे निर्दोष ठरलेल्या कैद्यांच्या पहिल्या काही शे खटल्यांत दोन-तृतीयांशांहून जास्त ठिकाणी चुकीची ओळख हे एक कारण होतं. हे साक्षीदार खोटं बोलत नव्हते.

नुसत्या शब्दांनीही आठवण बदलते. लॉफ्टस आणि जॉन पामर यांनी १९७४ साली १५० विद्यार्थ्यांना मोटारींच्या टकरीची छोटी फिल्म दाखवली. ५० जणांना ‘जोरात आदळल्या तेव्हा’ वेग किती होता असं विचारलं, ५० जणांना सौम्य शब्द वापरून, आणि उरलेल्यांना वेगाबद्दल काहीच विचारलं नाही. आठवड्याने सगळ्यांना विचारलं, ‘फुटलेल्या काचा पाहिल्यात का?’ फिल्ममध्ये काच फुटलेली नव्हतीच. पहिल्या गटातल्या १६ जणांनी ‘हो’ म्हटलं, दुसऱ्यातल्या ७ आणि तिसऱ्यातल्या ६ जणांनी. म्हणून जिन्यात चालणाऱ्या चर्चेपासूनही लांब राहा.

आत्ता करायचं ते हे. कागदावर तारीख आणि वेळ घालून लिहा : तुमच्यापासून ते किती लांब होते (नंतर खाली उतरून पावलांनी मोजा), उजेड कसला होता, चेहरा किती सेकंद आणि कोणत्या बाजूने दिसला, हेल्मेट किंवा रुमाल होता का, गाडीचा रंग, नंबरातले जेवढे आकडे दिसले तेवढेच. जे दिसलं नाही तिथे ‘दिसलं नाही’ असंच लिहा. हातात चाकू वगैरे असेल तर नजर त्यावरच खिळते आणि चेहरा निसटतो. तसं झालं असेल तर तेही लिहा. विसरण्याचा वेग सुरुवातीलाच सर्वांत जास्त असतो, त्यामुळे उद्यावर टाकू नका. त्यातलं काही जबाबात राहून गेलं असेल तर पोलिसांना सांगा.

ओळख परेड कार्यकारी दंडाधिकाऱ्यांसमोर होते. संशयिताला त्याच्यासारख्या दिसणाऱ्या इतरांमध्ये उभं करतात. रांगेत गुन्हेगार असलाच पाहिजे असं नाही, हे मनाशी पक्कं करून जा. रांग पाहताना आपण नकळत ‘यांतल्या त्यांत कोण जास्त जुळतो’ असं पाहू लागतो आणि तिथेच घात होतो. कोणी जुळत नसेल तर ‘यांत नाही’ हे पूर्ण आणि योग्य उत्तर आहे. निवडलंत तर त्याच क्षणी किती खात्री वाटते ते स्वतःच्या शब्दांत सांगा. नंतर कोणी ‘बरोबर ओळखलंत’ म्हटलं की ती खात्री आपोआप वाढते, आणि तिला काही किंमत नसते. चुकून फोटो दिसलाच असेल तर ते पोलिसांना आणि दंडाधिकाऱ्यांना आधीच सांगा. लपवू नका.

प्रश्न : चौकात कारवाल्याने मला धडक दिली आणि वर म्हणाला, ‘तुमची स्कूटर दिसलीच नाही.’ भर दुपारी, समोरून! ही सरळ थाप नाही का? (कोल्हापूर)

उत्तर : थाप असेलही, पण नसण्याची शक्यता बरीच आहे. अर्थात न दिसल्यामुळे जबाबदारी टळत नाही. अमेरिकेत २०१३ साली प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगात २४ रेडिओलॉजिस्टना फुप्फुसांच्या सीटी स्कॅनमधल्या गाठी शोधायला सांगितलं आणि त्या चित्रांत गोरिलाचं एक छोटं चित्र लपवलं. ते सरासरी गाठीच्या ४८ पट मोठं होतं. २० जणांना ते दिसलं नाही. शोधायचं एक ठरलं की बाकीचं डोळ्यासमोर असून दिसत नाही, आणि चौकातला कारचालक मोटारी, बस आणि ट्रक शोधत असतो.

शिवाय नजर एका जागेवरून दुसरीकडे उडी मारते तेव्हा मधल्या क्षणी मेंदू चित्र जवळजवळ बंद ठेवतो. डावीकडे-उजवीकडे झटकन पाहणाऱ्याच्या दोन उड्यांच्या मध्ये एक स्कूटर सहज मावते. काचेच्या कडेचा खांबही तिला झाकतो. आणि लहान वाहन आहे त्यापेक्षा उशिरा पोहोचेल असा अंदाज बांधला जातो. म्हणून कार चालवताना प्रत्येक बाजूला तीन ठिकाणी नजर थांबवा आणि खांबापलीकडे पाहायला मान पुढे-मागे करा. स्कूटरवर असाल तर चौकाजवळ लेनमधल्या लेनमध्ये थोडी जागा बदला. सरळ रेषेत येणारी वस्तू स्थिर भासते, बाजूला सरकणारी डोळ्यात भरते. एप्रिल २०१७पासून नव्या दुचाकींचा दिवा कायम चालू राहतो, तो याच कारणासाठी. जुन्या गाडीचा दिवा दिवसाही लावा.

प्रश्न : दुकानात मोरपंखी वाटलेली साडी घरी आणल्यावर निळी दिसते. ब्लाउज पीसही तिथे जुळतं, इथे जुळत नाही. दुकानदार फसवतात की डोळे? (सोलापूर)

उत्तर : दोन वेगळ्या गोष्टी होतात. ब्लाउज पीस न जुळणं हा डोळ्यांचा दोष नाही. दोन कापडांचे रंग वेगवेगळ्या रसायनांचे असतील तर एका दिव्याखाली ती अगदी सारखी दिसतात आणि दुसऱ्या दिव्याखाली वेगळी. मोरपंखीचं निळं होण्यात मात्र मेंदूचाही हात आहे. तो दिव्याचा पिवळेपणा वजा करून रंग ठरवतो, आणि शेजारी काय ठेवलंय त्यावरही तो रंग सरकतो. १८२०च्या दशकात पॅरिसमधल्या गोबेलँ या विणकाम कारखान्याच्या रंगविभागाचे प्रमुख मिशेल शेव्रल यांच्याकडे तक्रार आली की काळा रंग फिका पडतो. तपासलं तर रंगात खोट नव्हती. दोष शेजारच्या रंगांचा होता.

दहा साड्यांच्या ढिगात रंग ठरवू नका. आवडलेली साडी आणि ब्लाउज पीस घेऊन दुकानाच्या दारापाशी या, थेट उन्हात नको, सावलीतल्या उजेडात. खाली पांढरा कागद ठेवा. आधीच्या भडक साड्यांवरून नजर काढून मिनिटभर बाहेर पाहा, मग ठरवा. कार्य संध्याकाळचं असेल तर दुकानातल्या पिवळ्या दिव्याखालीही पाहून घ्या. दोन्हीकडे जुळलं तरच पीस कापायला सांगा.

प्रश्न : वय ६८. नातवाने विचारलं, वीस रुपयांच्या नोटेच्या मागे कशाचं चित्र आहे? सांगता आलं नाही. विसरभोळेपणाची सुरुवात समजायची का? (रत्नागिरी)

उत्तर : नाही. नोट आपण रंगाने आणि आकड्याने ओळखतो, चित्र कधी लागतच नाही. जे लागत नाही ते हजार वेळा पाहूनही साठत नाही. नातवाला विचारा, मागच्या पंधरा भाषांच्या पट्टीत मराठी कितवी? (आठवी. आणि नव्या, हिरवट-पिवळ्या नोटेवरचं चित्र वेरूळचं आहे.) तासाभरात तोच प्रश्न पुन्हा पुन्हा विचारणं, ओळखीच्या रस्त्यावर वाट चुकणं, नेहमीच्या हिशेबात नव्याने गोंधळ होणं, असं काही दिसलं तर डॉक्टरांकडे जा.

प्रश्न : नववीच्या वर्गासाठी एका तासिकेत, खर्च न करता करता येतील असे प्रयोग सांगाल का? (शिक्षिका, बीड)

उत्तर : तीन सांगतो. आधी डोळ्यातला आंधळा ठिपका. वहीच्या कोऱ्या पानावर डावीकडे फुली आणि तिच्या उजवीकडे बरोबर ८ सेंटिमीटरवर १ सेंटिमीटरचा भरीव गोल काढायला सांगा. डावा डोळा मिटायचा, उजव्याने फुलीकडेच पाहायचं आणि पान हाताच्या अंतरावरून हळूहळू जवळ आणायचं. ३० सेंटिमीटरच्या आसपास गोल नाहीसा होतो आणि आणखी जवळ आणला की परत येतो. डोळ्यातून मज्जातंतू जिथून बाहेर पडतो तिथे प्रकाश टिपणाऱ्या पेशीच नसतात. ही जागा नजरेच्या रोखापासून बाहेरच्या बाजूला सुमारे १५ अंशांवर येते. ज्यांना जमत नाही त्यांची नजर गोलाकडे घसरलेली असते, चुकीचा डोळा मिटलेला असतो किंवा पान तिरकं असतं. जमलं की गोलाच्या आरपार एक आडवी रेघ मारा आणि पुन्हा पाहा. गोल जातो आणि रेघ मात्र सलग दिसते. वर्गात खरी खळबळ इथे उडते, कारण तिथे नसलेली रेघ मेंदूने भरलेली असते.

दुसरा प्रयोग आठवणीचा. पुढचे शब्द दर दीड सेकंदाला एक, सपाट आवाजात वाचा : अंथरूण, उशी, जांभई, पांघरूण, स्वप्न, गजर, डुलकी, रात्र, गादी, घोरणे, अंगाई, थकवा, पापण्या, पहुडणे, जाग. मग दोन मिनिटं पाढे किंवा वजाबाक्या. त्यानंतर आठवतील ते शब्द लिहायला दोन मिनिटं. ‘झोप’ कोणी लिहिलं ते हात वर करून विचारा. यादीत तो शब्द नाही. हेन्री रोडिगर आणि कॅथलीन मॅकडरमॉट यांनी १९९५ साली असाच प्रयोग केला, तेव्हा न वाचलेला शब्द चाळीस टक्क्यांच्या आसपास वेळा लिहिला गेला होता. प्रयोगाचं नाव किंवा हेतू आधी फळ्यावर लिहू नका आणि लिहिताना बोलू देऊ नका. एकाने ‘झोप’ म्हटलं की प्रयोग संपला. वाचताना तुमच्याच तोंडून तो शब्द जाणार नाही याचीही काळजी घ्या. हे फार वेळा होतं.

तिसरा वजनाचा. पाव लिटरचा एक डबा वाळूने भरा, साधारण ४०० ग्रॅम होतील. दोन लिटरच्या डब्यात एवढी वाळू घाला की डब्यासकट दोघांचं वजन अगदी सारखं भरेल. मोठ्यात वरून कापडाचे बोळे कोंबा, नाहीतर वाळू हलल्याचा आवाज होतो. दोन्ही डब्यांना सारख्याच सुतळीचा फास बांधा, म्हणजे पकड सारखी राहील, आणि एकाच हाताने आळीपाळीने उचलायला द्या. लहान डबा जड आहे असंच मुलं सांगतील. ऑगस्टीन शार्पांतिए यांनी १८९१ साली याची नोंद केली होती. पाच-दहा वेळा उचलल्यावर बोटं बरोबर जोर लावायला शिकतात, पण लहान डबा जड वाटायचा थांबत नाही. वजनकाटा शाळेत नसेल तर किराणा दुकानातून तासाभरासाठी मागून आणा. डबे आधी काट्यावर दाखवू नका. मुलांनी आपलं उत्तर वहीत लिहून झाल्यावरच दाखवा, आणि नंतर पुन्हा एकदा उचलू द्या.